पंचेचाळीसचा हट्ट

वाद सुरू झाला तो चहावर. वसईत एका इमारतीच्या तळमजल्यावर आमची दहा मीटरची एअर पिस्तूल रेंज आहे. रेंज म्हणजे सहा लेन, दोन पंखे आणि पावसाळ्यात ओल येणारी एक भिंत. आमच्यातल्या तिघांनी इंटरनेटवर अमेरिकेतली 'काउबॉय अ‍ॅक्शन' नेमबाजी पाहिली होती. टोपी, बूट, कमरेला दोन रिव्हॉल्व्हरं, समोर लोखंडी पत्रे आणि मागे घड्याळ. आपणही असं काहीतरी करू, या कल्पनेवर सगळे खूश होते. नियम लिहायचं काम माझ्याकडे आलं, कारण वयाने मोठा मी आणि सेंटरफायर पिस्तूल प्रत्यक्ष मारलेलाही मीच.

मी पहिली ओळ लिहिली: 'हँडगनचे मान्य बोअर: .२२ आणि .३२.' आणि तिथेच सगळं फिसकटलं.

"काका, बत्तीस म्हणजे बँकेच्या वॉचमनचं रिव्हॉल्व्हर. पंचेचाळीस नसेल तर त्याला काउबॉय कशाला म्हणायचं?"

हे वाक्य त्यानंतर मी इतक्या वेळा ऐकलंय की आता त्याला लेखी उत्तर देणं भाग आहे. ज्यांना बंदुकांमध्ये रस नाही त्यांनीही वाचावं. इथे प्रश्न एका गोळीच्या जाडीचा दिसतो, पण भांडण दारात कोणाला घ्यायचं आणि कोणाला बाहेर ठेवायचं याचं आहे.

ज्याच्या नावाने हा हट्ट चालतो, त्या खेळापासूनच सुरुवात करू. हा प्रकार १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला कॅलिफोर्नियात जन्मला. त्याची मुख्य संघटना, सिंगल अ‍ॅक्शन शूटिंग सोसायटी, १९८७ सालची. एकोणिसाव्या शतकातल्या नमुन्याची सिंगल अ‍ॅक्शन रिव्हॉल्व्हरं वापरायची, म्हणजे प्रत्येक बारासाठी घोडा अंगठ्याने मागे ओढायचा. सिलिंडरमध्ये सहा जागा असल्या तरी काडतुसं पाचच भरायची आणि घोडा रिकाम्या जागेवर टेकवायचा. पत्रा चुकला तर वेळेत पाच सेकंदांची भर, क्रम चुकला तर दहा. गोळ्या निव्वळ शिशाच्या हव्यात, तांब्याचं आवरण चालत नाही, कारण पत्रे जवळ असतात आणि कठीण गोळीचे तुकडे उलटून अंगावर येतात.

आता बोअर. या संघटनेच्या नियमात मुख्य स्पर्धेसाठी हँडगनचा बोअर .३२ ते .४५ असा आहे. पुन्हा वाचा. यादी बत्तीसपासून सुरू होते. शिवाय गोळीचा वेग सेकंदाला १,००० फुटांच्या वर जाता कामा नये. किमान जोरासाठी 'पॉवर फॅक्टर' नावाचं एक साधं गणित आहे: गोळीचं वजन ग्रेनमध्ये, गुणिले वेग सेकंदाला फुटांमध्ये, भागिले हजार. उत्तर किमान ६० यायला हवं. आपल्याकडच्या .३२ रिव्हॉल्व्हरमध्ये बसणारं काडतूस म्हणजे .३२ स्मिथ अँड वेसन लाँग. त्याची नेहमीची गोळी ९८ ग्रेनची आणि वेग साधारण ७०० फूट. गुणाकार करा, ६८ च्या वर येतो. म्हणजे ज्याला आमची पोरं वॉचमनचं काडतूस म्हणतात, ते खुद्द काउबॉयांच्या घरच्या परीक्षेत पास होतं.

ही किमान मर्यादा घालावी का लागली, तेही सांगतो. अमेरिकेतले मुरलेले स्पर्धकच पंचेचाळीस सोडून हलक्या काडतुसांकडे वळले. धक्का कमी म्हणजे पुढचा बार लवकर, आणि स्पर्धा तर घड्याळाशी. बहुतेक जण .३८ स्पेशलमध्ये दारू कमी भरून मारतात. शेवटी संघटनेला सांगावं लागलं की बाबांनो, याच्या खाली जाऊ नका. थोडक्यात, खऱ्या काउबॉय स्पर्धेत जिंकणारा माणूस जे टाळायला बघतो, त्यासाठी आमचा पोरगा वसईत रडतोय.

"पण काळाशी जुळायला नको का?" हा दुसरा मुद्दा. जुळतो की! .३२ लाँग हे काडतूस १८९६ चं आहे. त्याच सुमाराला न्यूयॉर्कच्या पोलीस मंडळाचे अध्यक्ष असलेल्या थिओडोर रूझवेल्ट यांनी आपल्या शिपायांना .३२ चीच कोल्ट रिव्हॉल्व्हरं दिली. आणि कानपूरला बनणारी आपली सरकारी .३२ रिव्हॉल्व्हर, जी बिजागरीवर मधोमध मोडून भरावी लागते आणि म्हणून पोरांना जुनाट वाटते? ती ब्रिटिशांच्या .३८ वेबलीवर बेतलेली आहे, हे खरं. पण मधोमध मोडणारी रिव्हॉल्व्हर पश्चिमी अमेरिकेला परकी नव्हती. स्मिथ अँड वेसनचं मॉडेल थ्री १८७० चं, आणि त्याचाच स्कोफील्ड अवतार १८७५ मध्ये अमेरिकन घोडदळाने घेतला. सिनेमाने फक्त कोल्ट दाखवली म्हणून इतिहासात फक्त कोल्ट होती असं नाही. (सिनेमातली कोल्टही पुष्कळदा इटलीत बनलेली नक्कल असे. उबेर्ती हा कारखाना १९५९ चा. आज काउबॉय स्पर्धक ज्या 'अस्सल' बंदुका मिरवतात त्यातल्या कित्येक त्याच गावाकडच्या आहेत.)

आता मुख्य गोष्टीकडे येतो, आणि इथे माझा राग पोरांवर नाही.

बोअरवरून माणसं आत-बाहेर करण्याची खोड आपल्याला कोणी लावली? १८७८ चा लॉर्ड लिटनचा शस्त्र कायदा सगळ्यांना शाळेच्या पुस्तकातून माहीत आहे. भारतीयाला परवाना हवा, युरोपियनाला नको. पण त्याहून बारीक काम काडतुसाच्या मापाने चालायचं. सरकारला भीती ही की लष्कराची काडतुसं चोरीला गेली तर ती रयतेच्या बंदुकीत बसू नयेत. म्हणून रयतेची बंदूक वेगळ्या मापाची. ली-एनफील्ड रायफली उकरून त्यांच्या .४१० च्या एकबारी मस्केट केल्या आणि पोलिसांच्या, तुरुंगाच्या पहारेकऱ्यांच्या हातात दिल्या. आपल्याच पहारेकऱ्यावर एवढा विश्वास! नागरिकांसाठी .३०३ च्या जागी .३१५ आली, तीही याच कारणाने.

सर्वांत मजेदार गोष्ट १९०७ ची. भारतात आणि सुदानमध्ये .४५० बोअरच्या रायफलींवर बंदी आली, कारण जुन्या मार्टिनी-हेन्री त्याच मापाच्या होत्या आणि त्या बंडखोरांच्या हातात होत्या. मग लंडनच्या बंदूकवाल्यांनी काय केलं? शिकारी साहेबांसाठी .४६५, .४७०, .४७५ अशी नवी मापं काढली. बंदीने बंदूक लहान झाली नाही, मोठी झाली. मापाच्या नावावर बंदी घातली की असंच होतं.

स्वतंत्र भारताने १९५९ चा कायदा केला, १९६२ चे नियम केले, आणि ही खोड जपून ठेवली. निषिद्ध बोअरच्या यादीत हँडगनची व्याख्या अशी आहे: .३८० किंवा .४५५ ची कडेवाली काडतुसं, किंवा फौजी ९ मिमी, किंवा .४५ ची बिनकडेची काडतुसं ज्यात बसतात आणि उडतात असं कोणतंही पिस्तूल वा रिव्हॉल्व्हर. २०१६ मध्ये नवे नियम आले तरी ही यादी जवळजवळ तशीच पुढे चालत राहिली. यातली .४५५ आणि .३८० ही ब्रिटिश फौजेची काडतुसं. ज्या फौजेची होती तिनेच ती टाकून कित्येक दशकं लोटली. आपण मात्र साहेब परत मागायला येईल म्हणून त्याची छत्री कोपऱ्यात उभी करून ठेवली आहे.

आता ताकद बघू. फौजी .३८० मधून गोळी साधारण २५० ज्यूल ऊर्जा घेऊन निघते. .३५७ मॅग्नमची गोळी सातशेच्या आसपास. त्या यादीत .३५७ चं नाव नाही, .३८० चं आहे. शेतातल्या रानडुकरासाठी परवान्यावर मिळणारी बारा बोअर बंदूक दोन हजार ज्यूलच्या वर जाते. मग ही यादी नेमकी कोणत्या धोक्याची आहे?

बरं, सरकारला ऊर्जा मोजता येत नाही असंही नाही. २०१६ च्या याच नियमांत एअरगनसाठी स्पष्ट लिहिलंय: ४.५ मिमीपेक्षा मोठा बोअर किंवा २० ज्यूलपेक्षा जास्त ऊर्जा असेल तर परवाना लागेल. म्हणजे छऱ्याच्या बंदुकीला विज्ञान, आणि काडतुसाच्या बंदुकीला १९०७.

इथे मला एका गृहस्थांची आठवण येते. आमच्या रेंजवर नालासोपाऱ्याची सतरा वर्षांची एक मुलगी येते, हिच्याविषयी पुढे सांगतो. तिचे वडील वसई पूर्वेला वालीवच्या एका गाळ्यात लेथवर काम करतात. नियमांवरून गरमागरमी चालली होती तेव्हा ते मुलीला न्यायला आले होते आणि बाकावर बसून ऐकत होते. त्यांनी विचारलं, "अडतीस म्हणजे इंचाचे अडतीस शतांश ना? म्हणजे नऊ पूर्णांक पासष्ट मिमी?"

मी म्हटलं, नाही. .३८ स्पेशलची गोळी प्रत्यक्षात .३५७ इंचाची असते, नऊ मिमीच्या किंचित वर. चव्वेचाळीस म्हणतात ती .४२९ ची. बत्तीस ही .३१२ ची.

ते थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "आमच्याकडे असा जॉब रिजेक्ट होतो."

काडतुसांची नावं ही कारखानदारांनी बाजारासाठी ठेवलेली नावं आहेत. जुनी कवायत, जुनी नळी, जाहिरात, असं काय काय त्यात मिसळलेलं. त्या नावांवर जो कायदा उभा करतो आणि त्या नावांवर जो पुरुषार्थ उभा करतो, दोघेही व्हर्नियर न लावताच माप सांगताहेत.

माझ्यावर आरोप होईल की मी बंदुका स्वस्त आणि सोप्या करा म्हणतोय. तसं म्हणत नाहीये, आणि वसई-विरारमध्ये राहून तसं म्हणणं मला शोभणारही नाही. ऐंशी-नव्वदच्या दशकांत जमिनींच्या भावाबरोबर इथे काय काय वाढलं, ते आमच्या पिढीने पाहिलंय. त्या काळात कोणाच्या कमरेला काय आहे हे विचारायचं नसतं, हे आम्ही लहानपणीच शिकलो. स्वसंरक्षणाच्या नावाने लग्नाच्या वरातीत मिरवायला परवाना मागणाऱ्याबद्दल मला शून्य सहानुभूती आहे. पण पेपरात 'देशी कट्ट्यासह एकास अटक' अशी बातमी येते तेव्हा त्या कट्ट्याने निषिद्ध बोअरची यादी वाचलेली नसते. ज्या मापाचं काडतूस हाताला लागतं त्या मापाची नळी कट्टा बनवणारा वापरतो. यादीचा जाच होतो तो फक्त अर्ज भरणाऱ्याला. आमच्याकडे १ ऑक्टोबर २०२० पासून मीरा-भाईंदर, वसई-विरार पोलीस आयुक्तालय आहे, त्यामुळे अर्जाचा पत्ता बदलला. अर्जदाराने काय सिद्ध करायचं ते बदललं नाही.

माझी मागणी लहान आहे. खेळासाठीच्या शस्त्राचं वर्गीकरण ऊर्जेवर, ते कुठे ठेवलं जातं त्यावर आणि कोणाच्या देखरेखीखाली वापरलं जातं त्यावर करा. रेंजच्या तिजोरीत राहणारं ९ मिमी हे घरच्या कपाटातल्या .३२ पेक्षा कमी धोक्याचं आहे, हे समजायला नेमबाज असावं लागत नाही.

आणि जोवर ते होत नाही, तोवर आपल्या हातात जे आहे ते मुकाट वापरा. हे मी पोरांना सांगतो.

त्यांचा सर्वांत हुशार वकील म्हणाला, "काका, यादीत .४५ बिनकडेचं आहे. कोल्टचं पंचेचाळीस कडेवालं आहे. म्हणजे कायद्याने मनाई नाहीच!" कागदावर मुद्दा बिनतोड. पण .४५५ तुझ्या नळीत बसतं का, असं अधिकाऱ्याने विचारलं की तू काय करणार? आणि ते सोड, बंदूक आणणार कुठून? परदेशी शस्त्रांची आयात सर्वसामान्य परवानाधारकाला १९८० च्या दशकापासून बंद आहे. सवलत आहे ती नामवंत नेमबाजांना. आपल्या ऑर्डनन्स फॅक्टऱ्या नागरी रिव्हॉल्व्हरच्या बाबतीत .२२ आणि .३२ च्या पलीकडे फारशा जात नाहीत. काडतुसं कोण देणार? एका फेरीला दहा बार म्हटले तरी सहा फेऱ्यांना साठ, आणि सराव वेगळाच. म्हणजे तुझ्या पंचेचाळीसच्या स्पर्धेत खेळाडू किती? आजोबांची एखादी जुनी बंदूक वारशाने आलेला एखादा, आणि आम्ही बाकीचे टोप्या घालून टाळ्या वाजवणार.

यादी अशीच चालते, साहेबाची असो की हौशी पोराची. वर लिहायचं 'अस्सलपणा', आणि खाली आपोआप ठरतं की कोण घरी बसणार.

घरी कोण बसलं असतं ते सांगतो. ती नालासोपाऱ्याची मुलगी. दोन वर्षं ४.५ मिमीचं एअर पिस्तूल मारतेय, तेही रेंजचं, स्वतःचं नाही. सकाळी पावणेसहाची लोकल पकडून वसईला येते, दीड तास सराव करते, कॉलेजला जाते. मनगट बारीक आहे, पण हात असा थांबतो की मला हेवा वाटतो. तिला पंचवीस मीटरला जायचंय, .२२ वर. एकवीस वर्षांखालच्या खेळाडूला स्वतःच्या परवान्याचा रस्ता अवघड, देखरेखीखालच्या सरावाचा रस्ता मोकळा. तिला पंचेचाळीस दिलं तर दहा बारांत मनगट सुजेल आणि वर्षभराची मेहनत पाण्यात जाईल. दणक्याच्या भीतीने चाप झटकायची सवय एकदा लागली की ती काढायला किती महिने जातात, ते मी स्वतःच्या हातावर अनुभवलंय.

आणि लहान बोअर म्हणजे लहान माणूस, हे कोणी सांगितलं? कोल्हापूरची राही सरनोबत २०१८ च्या आशियाई स्पर्धेत पंचवीस मीटर पिस्तूलचं सुवर्ण घेऊन आली. आशियाई स्पर्धेत नेमबाजीचं सुवर्ण मिळवणारी ती पहिली भारतीय महिला. बोअर .२२. स्वप्नील कुसाळे पॅरिसहून २०२४ ला कांस्य घेऊन आला, त्याची रायफलही .२२. जसपाल राणाने २००६ ला दोह्यात सेंटरफायर पिस्तूलमध्ये ५९० गुण मारून विश्वविक्रमाशी बरोबरी केली. त्या प्रकारात आंतरराष्ट्रीय नियमाने ७.६२ ते ९.६५ मिमीपर्यंतचं काहीही चालतं, तरी जगभरातले नेमबाज मोठ्या संख्येने .३२ चंच पिस्तूल घेतात. कारण मऊ धक्का आणि स्वच्छ भोक. वरळीच्या रेंजवर मीही तेच मारलं. विरार लोकलच्या गर्दीत पिस्तुलाची पेटी छातीशी धरून आणि परवाना वरच्या खिशात ठेवून अंधेरीपर्यंत उभा जायचो. शेजारचा पेटीकडे बघून विचारायचा, "तबला का?" मी हो म्हणायचो.

तर नियम मी बदललेला नाही. उलट आणखी खाली उतरवलाय. स्पर्धा दोन भागांत. वसईत, आमच्या रेंजवर, ४.५ मिमी एअर पिस्तूल, शिशाचे चपटे छरे, डोळ्यांना चष्मा सक्तीचा, बघणाऱ्यांनाही. दुसरा भाग परवाना असलेल्या पंचवीस मीटरच्या रेंजवर, त्यांनी होकार दिला तर: .२२ आणि .३२, शिशाची गोळी, पाचच काडतुसं, घोडा प्रत्येक वेळी अंगठ्याने. डबल अ‍ॅक्शन रिव्हॉल्व्हर चालेल, पण नुसता चाप ओढून मारलं तर दहा सेकंदांचा दंड. एअर पिस्तूलच्या पहिल्या पाचांना दुसऱ्या भागात देखरेखीखाली .२२ मारायची संधी, बंदूक रेंजची. टोपी ऐच्छिक. टोपणनाव हवं असेल तर मराठीत घ्यावं, 'टेक्सास किड'ला मी प्रवेश देणार नाही.

मतदान पुढच्या रविवारी. पंचेचाळीसवाले तिघे विरोधात जाणार हे ठरलेलंच आहे. त्यातल्या एकाने तर काळा कोट शिवायलाही टाकलाय.

वालीवच्या त्या गृहस्थांनी मात्र काल संध्याकाळी फोन केला. पत्रे ते गाळ्यावर कापून देतील, बिजागरीसकट, म्हणजे लागला की मागे पडेल आणि दोरीने परत उभा करता येईल. त्यांना फक्त दोन गोष्टी हव्या होत्या, एअर पिस्तूलसाठी तीन मिमी जाडी पुरेल का, आणि पत्र्याचा व्यास किती. मी म्हटलं, पंधरा सेंटीमीटरच्या आसपास ठेवा.

ते म्हणाले, "आसपास नको. नक्की किती?"